योहान रॉयक्लिन : इब्री ग्रंथांचा कैवारी

जुना करार बहुतेक इब्री भाषेंत लिहिलेला आहे हें आपणांस ठाऊक आहेच. परंतु एके काळीं पश्चिम युरोपांतील ख्रिस्ती पंडितांपैकीं फार थोड्यांस ती भाषा वाचतां येत असे. लॅटिन भाषांतरावरच सर्वांची भिस्त होती. ही उणीव दूर करण्यासाठीं झटलेल्या योहान रॉयक्लिनचें चरित्र आम्ही येथें देत आहों.

त्याचा जन्म इ. स. १४५५ मध्यें जर्मनींतील फोर्त्सहाइम येथें झाला. पुढें तो नामांकित कायदेपंडित झाला. १४९२ सालीं लिंझ येथें बादशहाचा यहूदी वैद्य याकोब लोआन्स ह्याच्या चरणांपाशीं बसून तो इब्री शिकूं लागला. तेव्हां त्याचें वय ३७ होतें. थोर वयांत अक्षरओळख करून घेणाऱ्या आमच्या बंधूंस ह्यांत धीर वाटावा. १५०६ मध्यें त्यानें इब्री भाषेचें व्याकरण व कोश पदरच्या खर्चानें छापिला. ग्रंथ सहाशेंहून अधिक पृष्ठांचा, आणि इब्री रीतीप्रमाणें उजवीकडून उघडावयाचा! लॅटिन भाषांतर जेथें चुकलें तेथें त्यानें तसें निर्भयपणें दाखविलें. खप मात्र बेताचाच झाला.

त्याचे सर्वच लिखाण आम्हांस मान्य नाहीं. १४९४ व १५१७ च्या ग्रंथांत तो यहूदी गूढविद्येच्या नादीं लागला व अक्षरांच्या जुळणींत येशूच्या नामाचें रहस्य शोधूं लागला. असल्या अक्षरविद्येपासून आमच्या वाचकांनीं दूरच राहावें.

परंतु त्याची खरी कसोटी निराळीच होती. १५०९ मध्यें फेफरकोर्न नामक ख्रिस्ती झालेल्या यहूद्यानें यहूद्यांचे ग्रंथ जप्त करण्याचा हुकूम मॅक्सिमिलियन बादशहाकडून मिळविला. फ्रँकफुर्ट येथें घरोघरचे व सभास्थानांतील ग्रंथ नेण्यांत आले. बादशहानें पंडितांचीं मतें मागविलीं. ह्याच रॉयक्लिननें १५०५ सालीं यहूद्यांच्या विपत्तीचा दोष त्यांच्याच माथीं मारला होता. परंतु १५१० मध्यें त्यानें कायद्याच्या आधारें लिहून दिलें कीं, यहूदी हे साम्राज्याचे प्रजाजन आहेत, त्यांचा माल हिरावतां येत नाहीं. उघड निंदेचे एकदोन ग्रंथ चौकशीअंतीं नष्ट करावे, बाकीचे राखावे, आणि प्रत्येक विद्यापीठांत इब्रीचे शिक्षक नेमावे. असें सांगणारा तो जवळजवळ एकटाच होता. ग्रंथ त्याच वर्षीं परत देण्यांत आले.

कोलोनच्या धर्मपंडितांनीं त्याजवर पाखंडाचा आरोप आणिला. १५१४ सालीं स्पायर येथें तो निर्दोष ठरला. प्रकरण रोमास गेलें, आणि १५२० मध्यें पोपनें त्याच्याविरुद्ध निकाल देऊन खर्चही त्याजवर लादिला.

ल्यूथरनें त्याच्याच ग्रंथावरून इब्रीचा अभ्यास केला होता, तरी रॉयक्लिन जुन्या मंडळींतच राहिला. ज्या आप्ताला त्यानें मुलाप्रमाणें शिकविलें व १५१८ मध्यें शिफारस करून विटेनबर्गास धाडिलें, तो मेलांख्थॉन ल्यूथरचा सोबती झाला, ह्याचें त्याला दुःख झालें. ३० जून १५२२ रोजीं तो मरण पावला. आपला ग्रंथसंग्रह त्यानें मेलांख्थॉनास न देतां जन्मगांवास दिला. त्यांतील कांहीं इब्री हस्तलिखितें आज कार्ल्सरूए येथील ग्रंथालयांत आहेत.