परिव्राजकाची एकाकी वाटचाल

श्रीरामकृष्णदेवांनी १८८६ च्या ऑगस्टमध्ये देह ठेवला, तेव्हा नरेंद्रनाथ अवघे तेवीस वर्षांचे होते. निर्विकल्प समाधीत अखंड बुडून राहावे, ही त्यांची मनीषा होती. परंतु त्या आनंदाला गुरुदेवांनी कुलूप घातले होते आणि जगन्मातेचे कार्य झाल्यावाचून ते उघडणार नव्हते. ते कार्य कोणते, हेच उमगत नव्हते. १८९१ च्या आरंभी मीरतेस गुरुबंधूंचा निरोप घेऊन ते एकटेच निघाले. मागावर कोणी येऊ नये म्हणून नावेही पालटीत राहिले.

१८९२ साली ते खांडव्यास हरिदास चटर्जी या वकिलांकडे उतरले. शिकागोच्या सर्वधर्मपरिषदेस जाण्याचा विचार तेथे त्यांनी गांभीर्याने बोलून दाखविला. जुलैअखेर ते मुंबईस पोहोचले. खांडव्याहून मुंबईकडे जाणारा लोहमार्ग सातपुडा ओलांडून तापीच्या खोऱ्यात उतरतो. त्याच सातपुड्याच्या दक्षिण पायथ्याशी, दूर पूर्वेस, लोधीखेडे वसले आहे. तेथे मात्र अद्याप रूळ आले नव्हते. त्या काळात भेटलेल्या अभेदानंदांना स्वामीजींच्या अंतरी जणू वणवा पेटलेला दिसला.

सप्टेंबरात व्हिक्टोरिया टर्मिनसवर काही गुजराती गृहस्थ त्यांना पोहोचविण्यास आले होते. डब्यात बाळ गंगाधर टिळक होते. ओळख करून देऊन त्या गृहस्थांनी संन्याशाची पुण्यातील सोय टिळकांवर सोपविली. आठ-दहा दिवस स्वामीजी त्यांच्या घरी राहिले. जवळ एक मृगाजिन, एक-दोन वस्त्रे आणि कमंडलू; पैसा मुळीच नाही. नाव विचारता, आपण केवळ संन्यासी आहोत, एवढेच उत्तर मिळाले. हिराबागेतील सभेत त्यांनी अस्खलित इंग्रजीत भाषण केले. पण लोक आता ओळखू लागतील हे पाहताच निघून गेले!

ऑक्टोबरात बेळगावी हरिपद मित्रांनी शिकागोसाठी वर्गणी जमविण्याचे सुचविले. स्वामीजींनी ते मानले नाही. द्रव्यास हात लावावयाचा नाही, हे व्रत होते. पुढच्या प्रवासाचे तिकीट तेवढे त्यांनी घेतले.

डिसेंबरात कन्याकुमारीच्या शिळेवर ते ध्यानस्थ बसले. वाटेत पाहिलेली झोपडी, उपाशी माणसे, शिक्षणावाचून खितपत पडलेला समाज, सारे तेथे त्यांच्यापुढे उभे राहिले. त्यांच्या उत्थानासाठी झटणाऱ्या संन्याशांची योजना त्यांना तेथे स्फुरली. कुलूप ज्या कार्यासाठी होते, ते सापडले.

शिकागोच्या व्याख्यानांनंतर वृत्तपत्रांतील वर्णने वाचून टिळकांनी पत्राने विचारले, की आपल्या घरी राहिलेले संन्यासी ते आपणच काय? स्वामीजींचे होकारार्थी उत्तर आले. १८९७ च्या केसरी खटल्यानंतर इतर कागदांबरोबर तेही नष्ट झाले.