मुक्तिफौजेचे फकीरसिंग

मुक्तिफौज येणार म्हणून मुंबईत पोलिसांचा बंदोबस्त होता; सप्टेंबर १८८२ मध्ये बोटीतून उतरली ती मात्र अवघी चार माणसे. त्यांचे नायक फ्रेडरिक टकर. १८५३ साली मुंगेर येथे जन्मलेल्या टकर यांनी आयसीएसची मानाची नोकरी सोडून विल्यम बूथ यांच्या कार्याला वाहून घेतले होते. लंडनच्या ईस्ट एंडमधील दारुड्यांना व निराधारांना जवळ करण्याचे बूथ यांचे व्रत त्यांनी येथे आणले.

वाजतगाजत मिरवणुका काढल्याबद्दल सरकारने त्यांना तुरुंगात धाडले. तेव्हा ब्राह्मो नेते केशवचंद्र सेन त्यांच्या बाजूने उभे राहिले. टकर यांनी फकीरसिंग हे नाव घेतले, भगवी वस्त्रे परिधान केली, अनवाणी फिरून भिक्षान्नावर निर्वाह केला. आम्हांला येथे मदुराईचे येशूसंघीय रॉबर्ट डी नोबिली आठवतात. अर्थात मुक्तिफौज स्नानसंस्कार वा मिस्साबलिदान मानत नाही, हा भेद आहेच.

१९०८ पासून, जन्मानेच गुन्हेगार ठरविलेल्या जमातींसाठी त्यांनी वसाहती उभारल्या. तेथे विणकाम, शेती शिकविली जाई. परंतु हजेरी सक्तीची असे, परवानगीवाचून बाहेर जाण्यास मनाई असे. बहिष्कृतांचा सेवक येथे सरकारचा पहारेकरी झाला, असे आम्हांस वाटते. ज्या सरकारने तुरुंगात टाकले, त्यानेच १९१३ साली त्यांना कैसर-ए-हिंद पदक दिले.

१९२९ साली लंडन येथे त्यांचे निधन झाले. त्या जमातींची कायद्याच्या जाचातून सुटका झाली ती १९५२ मध्ये.