निर्भय ज्ञानोपासक

इंग्लंडमधील स्टॅफर्डशायर परगण्यात एका कोळशाच्या खाणीत एक शास्त्रज्ञ आपल्या लहान मुलाला घेऊन उतरले होते. बोगद्याच्या छताशी एक वायू साचला होता. पित्याने मुलाला ताठ उभे राहून शेक्सपिअरच्या ‘ज्युलिअस सीझर’ या नाटकातील अँटनीचे भाषण म्हणण्यास सांगितले. मुलगा भाषण म्हणू लागला. परंतु थोड्याच वेळात त्याला धाप लागली, पाय लटपटले आणि तो खाली कोसळला. जमिनीलगतची हवा चांगली होती. तेथे श्वास घेताच तो सावध झाला. खाणीतील हा वायू हवेपेक्षा हलका असतो, तो वर साचतो आणि खाली हवा शुद्ध राहते, हा धडा त्या मुलाला पुस्तकातून शिकावा लागला नाही. तो त्याने अनुभवाने मिळवला. हाच मुलगा पुढे जे. बी. एस. हॉल्डेन या नावाने जगप्रसिद्ध झाला.

जॉन बर्डन सँडरसन हॉल्डेन यांचा जन्म 5 नोव्हेंबर 1892 रोजी ऑक्सफर्ड येथे झाला. त्यांचे वडील जॉन स्कॉट हॉल्डेन हे श्वसनक्रियेचे थोर अभ्यासक होते. खाणींतील विषारी वायूंचा शरीरावर काय परिणाम होतो हे पाहण्यासाठी ते स्वतः त्या वायूत श्वास घेत. जो धोका आपण पत्करीत नाही, तो दुसऱ्यावर लादू नये, हा त्या घराचा अलिखित नियम होता. मुलाने तो जन्मभर पाळला.

1901 साली वडील आपल्या आठ वर्षांच्या मुलाला एका व्याख्यानास घेऊन गेले. व्याख्यानाचा विषय होता मेंडेलचे नियम. ग्रेगोर मेंडेल या धर्मगुरूने मठाच्या बागेत वाटाण्याची झाडे वाढवून, आईबापांचे गुण संततीत कोणत्या प्रमाणात उतरतात हे मोजले होते. 1866 साली प्रसिद्ध झालेले त्याचे संशोधन चौतीस वर्षे कोणाच्या ध्यानात आले नव्हते. 1900 साली ते पुन्हा उजेडात आले. पुढे हॉल्डेन आणि त्यांची धाकटी बहीण नेओमी यांनी घराच्या अंगणात गिनीपिग पाळले. कोणत्या जोडीला कोणत्या रंगाची पिले झाली, याची टिपणे ती भावंडे ठेवू लागली. खेळता खेळताच आनुवंशिकतेच्या अभ्यासाची गोडी लागली, ती कायमची!

ऑक्सफर्डला हॉल्डेन यांनी गणित आणि त्यानंतर ग्रीक व लॅटिन वाङ्मय यांचा अभ्यास केला. विज्ञानाची पदवी त्यांनी कधीच घेतली नाही. 1914 साली पहिले महायुद्ध सुरू झाले आणि ते सैन्यात दाखल झाले. उंदरांमधील काही गुण जोडीजोडीने संततीत उतरतात, हे दाखवणारा त्यांचा निबंध 1915 साली प्रसिद्ध झाला, तेव्हा ते रणभूमीवर होते. त्या निबंधाचा एक सहलेखक, त्यांचा तरुण मित्र, युद्धात कामी आला. हॉल्डेन स्वतः दोनदा जखमी झाले. दुसऱ्या वेळी ते विश्रांतीसाठी भारतात आले. या देशाशी त्यांची ही पहिली ओळख होती.

1923 साली ते केंब्रिज विद्यापीठात जीवरसायनशास्त्राचे अध्यापक झाले. रक्तातील आम्लता वाढली की शरीरात काय घडते, हे त्यांना पाहावयाचे होते. त्यासाठी त्यांनी अमोनियम क्लोराइड या क्षाराचे द्रावण स्वतः प्राशन केले. त्यांना भयंकर धाप लागली. परंतु या प्रयोगातून जे कळले, त्याचा उपयोग तान्ह्या बालकांना आचके आणणाऱ्या एका विकारावर उपचार करताना झाला. गणित आणि आनुवंशिकता यांची सांगड घालणारे त्यांचे निबंधही याच काळात प्रसिद्ध झाले. 1933 साली ते लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात प्राध्यापक झाले.

वाटाणे आणि उंदीर यांची पैदास आपल्या इच्छेनुसार करता येते, माणसांची नाही. मग माणसाची आनुवंशिकता अभ्यासावी कशी? हॉल्डेन यांनी त्यासाठी रुग्णांच्या घराण्यांच्या वंशावळी आणि गणित यांचा आधार घेतला.

हिमोफिलिया नावाचा एक रोग आहे. या रोगात रक्त लवकर गोठत नाही, त्यामुळे किरकोळ जखमही जिवावर बेतते. हा रोग बहुधा मुलग्यांना होतो. परंतु तो आईकडून येतो, आणि आई मात्र निरोगी दिसते. याचे कारण असे. आपल्या पेशींत गुणसूत्रे असतात आणि त्यांवर जनुके असतात. स्त्रीच्या पेशींत ‘एक्स’ नावाची दोन गुणसूत्रे असतात. पुरुषाच्या पेशींत असे एकच असते. स्त्रीच्या एका गुणसूत्रावर सदोष जनुक असले, तरी दुसरे तिचे बहुधा रक्षण करते. मुलग्याला मात्र आईकडून सदोष गुणसूत्र मिळाले, तर त्याला दुसरा आधार उरत नाही.

येथे हॉल्डेन यांच्या मनात एक प्रश्न आला. त्या काळी हिमोफिलिया झालेले बहुतेक मुलगे लहानपणीच मरण पावत. त्यांना संतती होत नसे. म्हणजे प्रत्येक पिढीत काही सदोष जनुके नाहीशी होत होती. मग हा रोग केव्हाच संपावयास हवा होता. तो का संपत नाही? रांजणाला भोक असूनही पाण्याची पातळी तेवढीच राहत असेल, तर वरून तितकेच पाणी पडत असले पाहिजे. त्याचप्रमाणे निरोगी घराण्यांत हे सदोष जनुक अकस्मात नव्याने उत्पन्न होत असले पाहिजे. अशा बदलास उत्परिवर्तन म्हणतात. 1935 साली हॉल्डेन यांनी त्याचे प्रमाण काढले. एका पिढीत सुमारे 50,000 जनुकांमागे एकात हा बदल घडतो, असा त्यांचा हिशेब होता. मानवी जनुकाच्या उत्परिवर्तनाचे प्रमाण प्रथमच मोजले गेले.

या कोरड्या आकड्यामागे मोठा दिलासा होता. इंग्लंडच्या व्हिक्टोरिया राणीच्या एका मुलाला व पुढे रशियाच्या राजपुत्रालाही हा रोग झाला. परंतु राणीच्या पूर्वजांत त्याचा मागमूस नव्हता. हे जनुक राजवाड्यात उत्पन्न होऊ शकते, तसेच झोपडीतही. ते कोणाच्या पापाचे फळ नव्हे आणि कोणत्या कुळाचा कलंकही नव्हे. आजारी मुलाच्या आईला दोष देणे हा निव्वळ अन्याय होय.

1937 साली हॉल्डेन आणि ज्युलिया बेल या विदुषीने आणखी एक गोष्ट सिद्ध केली. हिमोफिलिया आणि रंगांधळेपणा या दोन्हींची जनुके एकाच गुणसूत्रावर जवळजवळ असतात. ती बहुधा एकत्रच पुढच्या पिढीत उतरतात. शेजाऱ्याच्या घरावरून आपल्याला हवे ते घर ओळखावे, तसे एका जनुकाच्या खुणेवरून दुसरे ओळखता येईल, हे यातून स्पष्ट झाले. अशा शेजारच्या खुणांच्या साहाय्याने पुढे अनेक आनुवंशिक रोगांची जनुके शोधली गेली.

याच सुमारास जर्मनीत आनुवंशिकतेच्या नावाखाली मोठा अनर्थ चालला होता. 1933 साली तेथील नाझी राजवटीने एक कायदा केला. ज्यांचा आजार आनुवंशिक ठरवला जाई, त्यांना संतती होऊ नये म्हणून त्यांच्यावर सक्तीने शस्त्रक्रिया होऊ लागल्या. हॉल्डेन यांनी या विचारास कडाडून विरोध केला. काही रोगांत सदोष जनुकाच्या दोन प्रती एकत्र आल्या, तरच माणूस आजारी पडतो. असा रोगी दहा हजारांत एक असेल, तर त्या जनुकाची एकच प्रत बाळगणारे निरोगी लोक सुमारे पन्नासांत एक असतात. मग मूठभर रुग्णांवर जुलूम करून रोग कसा नष्ट होणार? 1938 साली या विषयावर त्यांनी एक ग्रंथ लिहिला. जर्मनीतून परागंदा झालेल्या शास्त्रज्ञांनाही त्यांनी साहाय्य केले.

1 जून 1939 रोजी ‘थेटिस’ नावाची ब्रिटिश पाणबुडी बुडाली आणि 99 माणसे मृत्युमुखी पडली. ती का वाचू शकली नाहीत, हे शोधण्यासाठी हॉल्डेन काही सहकाऱ्यांसह एका बंद पोलादी कोठडीत तासन् तास बसले. पुढे अशाच एका प्रयोगात त्यांना झटके आले आणि पाठीच्या कण्यास इजा झाली. ती वेदना त्यांना दीर्घकाळ भोगावी लागली. परंतु त्यांनी प्रयोग थांबवले नाहीत.

1949 साली त्यांनी एक नवी कल्पना मांडली. थॅलेसेमिया या रक्ताच्या रोगाचे जनुक भूमध्य समुद्राच्या परिसरात फार आढळे. जे जनुक मुलांचा जीव घेते, ते इतके पसरावे कसे? या जनुकाची एकच प्रत असणाऱ्या माणसाला हिवतापापासून काही संरक्षण मिळत असावे, असा तर्क त्यांनी केला. 1954 साली पूर्व आफ्रिकेत सिकलसेल या दुसऱ्या रक्तविकाराच्या बाबतीत असेच संरक्षण आढळून आले. या विकारात तांबड्या रक्तपेशी कोयत्यासारख्या वाकड्या होतात. आपल्या महाराष्ट्रात विदर्भात आणि नंदुरबारच्या आदिवासी भागातही हा विकार आढळतो. आईबाप दोघेही या जनुकाचे वाहक असतील, तर प्रत्येक अपत्याला हा रोग होण्याची शक्यता चारांत एक असते. रक्ताच्या तपासणीने वाहक ओळखता येतो, म्हणून लग्नापूर्वी ती तपासणी करून घेणे हितावह ठरते.

1957 साली हॉल्डेन आणि त्यांच्या पत्नी हेलन स्परवे भारतात येऊन राहिले. इंग्लंडने आदल्या वर्षी इजिप्तवर केलेले आक्रमण त्यांना मुळीच मान्य नव्हते. प्रशांतचंद्र महालनोबीस यांच्या निमंत्रणावरून ते कलकत्त्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेत काम करू लागले. त्यांनी भारतीय पोशाख स्वीकारला, मांसाहार सोडला आणि पुढे भारताचे नागरिकत्वही घेतले. संशोधनासाठी महागडी उपकरणेच हवीत, असे त्यांना वाटत नसे. फुलांच्या पाकळ्या मोजा, पक्ष्यांचे निरीक्षण करा, घराण्यांच्या वंशावळी तपासा, अशी शिकवण त्यांनी तरुण विद्यार्थ्यांना दिली. त्यांच्या प्रेरणेने आंध्रात नात्यातील विवाहांचा अभ्यास झाला. जवळच्या नात्यात एकच सदोष जनुक दोघांकडे असण्याचा संभव अधिक असतो, म्हणून अशा अभ्यासाचे महत्त्व मोठे होते.

1962 साली ते भुवनेश्वरला गेले आणि ओरिसा सरकारच्या साहाय्याने तेथे त्यांनी प्रयोगशाळा उभारली. लवकरच त्यांना कर्करोगाने ग्रासले. 1964 च्या प्रारंभी लंडनला शस्त्रक्रिया झाली. रुग्णालयातील खाटेवर पडल्या पडल्या त्यांनी आपल्या रोगावरच एक विनोदी कविता रचली. लोकांनी भीती व लाज सोडून वेळेवर वैद्याकडे जावे, हा तिचा हेतू होता. 1 डिसेंबर 1964 रोजी भुवनेश्वर येथे त्यांचे निधन झाले. आपला देह विद्यार्थ्यांच्या अभ्यासासाठी द्यावा, असे त्यांनी मृत्युपत्रात लिहून ठेवले होते. त्याप्रमाणे तो काकिनाडा येथील वैद्यकीय महाविद्यालयाकडे सोपवण्यात आला.

बालपणी वडिलांबरोबर खाणीत उतरलेल्या त्या मुलाने आपला देह असा अखेरपर्यंत ज्ञानाच्या सेवेस वाहिला. आनुवंशिक रोगाने पीडित झालेल्या मुलाकडे पाहताना आज वैद्य त्याच्या कुळाचा दोष शोधत नाही. तो जनुकातील बदल शोधतो आणि त्यावर उपाय योजतो. ही निर्मळ दृष्टी जगाला देणाऱ्यांत हॉल्डेन यांचे स्थान मानाचे आहे.