मायदेशी उशिरा पोहोचलेले सुवर्णपदक

१९४० सालच्या अखेरीस लंडनवर जर्मन विमाने बॉम्बचा वर्षाव करीत असताना, तेथील रॉयल इन्स्टिट्यूट ऑफ ब्रिटिश आर्किटेक्ट्स या संस्थेने अमेरिकेतील ७३ वर्षांच्या एका वास्तुरचनाकाराला तार धाडली. राजाच्या वतीने दिल्या जाणाऱ्या सुवर्णपदकासाठी त्यांचे नाव सुचवण्याचा संस्थेचा मानस होता. फ्रँक लॉइड राइट यांनी उलट तारेने होकार कळविला आणि एवढ्या भीषण युद्धातही इंग्लंडला वास्तुरचनाकाराचा गौरव करावासा वाटतो, याबद्दल समाधान व्यक्त केले. १९४१चे पदक त्यांना मिळाले. मायदेशातील व्यवसायबंधूंच्या संस्थेकडून मात्र असा सन्मान अद्याप व्हायचा होता.

या दुराव्याची मुळे जुनी होती. विस्कॉन्सिन राज्यात १८६७ साली जन्मलेल्या राइट यांनी शिकागोत लुई सलिव्हन यांच्या हाताखाली उमेदवारी केली. पुढे स्वतंत्र व्यवसायात त्यांनी सपाट माळरानाशी नाते सांगणारी, लांब आडव्या रेषांची आणि पुढे झेपावणाऱ्या छपरांची घरे उभारली. शिकागोतील रॉबी हाउस हा त्यांचा परमोत्कर्ष. अमेरिकन इन्स्टिट्यूट ऑफ आर्किटेक्ट्सचे सभासदत्व मात्र त्यांनी कधीही स्वीकारले नाही. उलट या संस्थेवर ते सातत्याने टीका करीत राहिले.

खासगी आयुष्यानेही त्यांना समाजापासून दूर लोटले. १९०९ साली पत्नी व सहा मुलांना सोडून ते मामा बोर्थविक यांच्यासह युरोपात गेले. १९१४ साली टॅलिएसिन या त्यांच्या निवासस्थानी एका नोकराने आग लावून केलेल्या हत्याकांडात मामा यांच्यासह सात जणांचा बळी गेला. नंतरच्या काळात कामे रोडावली, कर्ज वाढले. राइट यांची सद्दी संपली, असे अनेकांनी गृहीत धरले. पण १९३५ साली, वयाच्या ६८व्या वर्षी त्यांनी पेनसिल्व्हेनियात धबधब्यावरच 'फॉलिंगवॉटर' या घराची रचना केली आणि सारे जग पुन्हा त्यांच्याकडे पाहू लागले.

अखेर १९४९ साली ह्यूस्टन येथील अधिवेशनात अमेरिकन संस्थेने आपले सुवर्णपदक त्यांना प्रदान केले. राइट तेव्हा ८१ वर्षांचे होते. हा सन्मान यायला फार काळ लागला, हे त्यांनी भाषणात लपवले नाही. पदक स्वीकारतानाही व्यवसायातील उणिवांवर बोट ठेवले. गुरूच्या तुलनेत तरी ते भाग्यवान ठरले. सलिव्हन यांचे १९२४ साली विपन्नावस्थेत निधन झाले आणि याच संस्थेने त्यांना पदक दिले ते मृत्यूनंतर २० वर्षांनी, १९४४ साली.

पदकाने राइट यांच्या कारकिर्दीची सांगता मात्र झाली नाही. न्यूयॉर्कमधील गुगेनहाइम संग्रहालयासाठी ते १९४३पासून आराखडे करीत होते. बांधकाम सुरू झाले १९५६ साली. ९ एप्रिल १९५९ रोजी त्यांचे निधन झाले आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये ही चक्राकार वास्तू जनतेसाठी खुली झाली. २०१९ साली युनेस्कोने त्यांच्या आठ वास्तूंना जागतिक वारशाचा दर्जा दिला. रॉबी हाउस, टॅलिएसिन, फॉलिंगवॉटर आणि गुगेनहाइम यांचा त्यांत समावेश आहे. आठांपैकी गुगेनहाइमचे बांधकाम मायदेशीचे पदक हाती पडले, तेव्हा सुरूदेखील झालेले नव्हते.