कथेचें नवें घर : कै. दादासाहेब फाळके

गोष्ट ऐकण्याची आवड मनुष्यास जन्मतःच असते. आजीच्या मांडीवर तिचा आरंभ होतो. पुढें देवळांतील पुराण, हरिदासाचें कीर्तन, उपासनामंदिरांतील दृष्टांत, नाटकगृह, चित्रपटगृह अशीं तिचीं अनेक ठिकाणें लागत जातात. परंतु एकच गोष्ट ह्या निरनिराळ्या ठिकाणीं कशी वागते, ह्याचा विचार आपण सहसा करीत नाहीं. पाणी एका घागरींतून दुसरींत ओतावें तशी गोष्ट ओततां येते काय? आम्हांस वाटतें, येत नाहीं. गोष्ट घर बदलते तेव्हां तिला नव्या घराची रीत शिकावी लागते, आणि ती शिकविणारास त्याची किंमत द्यावी लागते. ज्या पुरुषानें ही किंमत पुरेपूर दिली, त्या धुंडिराज गोविंद ऊर्फ दादासाहेब फाळके यांचें चरित्र आम्ही विद्यार्थ्यांपुढें व त्यांच्या पालकांपुढें ठेवीत आहों.

फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजीं नाशिकजवळील त्र्यंबकेश्वर येथें झाला. वडील दाजीशास्त्री हे संस्कृतचे पंडित असल्यामुळें पुराणांतील कथा मुलाच्या कानांवर लहानपणींच पडल्या. १८८५ सालीं ते मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेंत दाखल झाले व पुढें बडोद्याच्या कलाभवनांत शिकले. गोध्रा येथें त्यांनीं छायाचित्रांचा धंदा मांडला, तों प्लेगनें पत्नी व मूल हिरावून नेलें. नंतर कांहीं काळ त्यांनीं सरकारच्या पुराणवस्तु खात्यांत नोकरी केली. जादूचे खेळ केले, आणि त्यासाठीं आपल्या आडनांवाचीं अक्षरें उलटीं फिरवून प्रोफेसर केळफा असें नांव धारण केलें. लोणावळ्याच्या बाजूस राजा रविवर्मा यांच्या चित्रांच्या छपाईचें काम केलें. १९०९ सालीं छपाईच्या यंत्रांसाठीं ते जर्मनीस जाऊन आले. परंतु भागीदारांशीं न पटून तोही धंदा सुटला. वय चाळिशीचें, संसार मोठा आणि हातांत कांहीं नाहीं, अशी त्यांची स्थिति झाली. एवढ्या विद्या शिकून ह्या गृहस्थानें काय मिळविलें, असें त्या वेळीं कोणासही वाटलें असतें.

त्याच सुमारास, १९१०-११ मध्यें, मुंबईस गिरगांवांत त्यांनीं ख्रिस्ताच्या चरित्रावरील एक मूकपट पाहिला. ही कथा चार शुभवर्तमानकारांनीं लिहिली, चित्रकारांनीं रंगविली, गायकांनीं गाइली. आतां ती प्रकाशाच्या रूपानें पांढऱ्या पडद्यावर चालूं बोलूं लागली होती, मात्र बोलणें ओठांचें, आवाजाचें नव्हे. फाळके यांची दृष्टि ख्रिस्तावर होती. पण मनश्चक्षूंपुढें उभे राहिले श्रीकृष्ण आणि श्रीराम. आपल्या देशांतील कथा अशा कां दिसूं नयेत, ह्या एका विचारानें त्यांस झपाटलें. पत्नी सरस्वतीबाई यांस घेऊन तो खेळ त्यांनीं पुन्हां पाहिला. मिशनच्या शाळांत निरनिराळ्या धर्मांचीं मुलें एका बाकावर बसतात, म्हणून हा प्रसंग आम्हांस विशेष मोलाचा वाटतो. दुसऱ्याची गोष्ट मनापासून ऐकणारा आपली गोष्ट विसरत नाहीं. उलट ती त्यास अधिक स्पष्ट दिसूं लागते.

ह्यापुढें किंमत देणें सुरू झालें. रोज तासन्‌तास चित्रपट पाहणें, रात्रीं प्रयोग करणें आणि झोप मुळींच न घेणें, ह्यामुळें त्यांची दृष्टि कांहीं काळ गेली. उपचारांनीं ती परत आली. विम्याच्या पॉलिसीवर कर्ज काढून ते १९१२ च्या फेब्रुवारींत लंडनास गेले, तेथें कलेची माहिती मिळविली, कॅमेरा घेतला आणि एप्रिलच्या आरंभीं परत आले. वाटाण्याचें बीं रुजून त्याचा वेल कसा होतो, हें थोडें थोडें टिपून त्यांनीं लहानशा चित्रपटांत दाखविलें, तेव्हां कोठें लोकांचा विश्वास बसला. सरस्वतीबाईंनीं अंगावरचे दागिने दिले. त्या अंधाऱ्या खोलींत बसून फिल्मच्या कडांस छिद्रें पाडीत, ती धुवीत, आणि शिवाय सर्व मंडळींचा स्वयंपाक करीत. चरित्रकार एका नांवानें चरित्र लिहितात, पण पुष्कळदां तें दोघांचें असतें.

पहिल्या कथेसाठीं फाळके यांनीं राजा हरिश्चंद्राची निवड केली. सत्यासाठीं राज्य, पत्नी व पुत्र यांस मुकणारा हा राजा घरोघर माहीत होता. पवित्र शास्त्रांतील ईयोबाची गोष्ट वाचणारास त्याचें दुःख परकें वाटणार नाहीं. परंतु ही कथा जेथें आजवर राहिली होती, तेथें तिला वाणीचा आधार होता. कीर्तनकार मध्येंच थांबतो, श्रोत्यांचे चेहरे पाहतो, दाखला देतो, अभंग म्हणतो. नट पदें गातो, आणि आवडलें तर पुन्हां गातो. चित्रकारापाशीं एकच क्षण असतो, पण तो पाहणाराच्या मनांत ठसतो. मूकपटांत वाणी नाहीं, गाणें नाहीं, आणि क्षणही थांबत नाहीं. सेकंदास सुमारें सोळा चित्रें डोळ्यांपुढून सरकतात. तेथें दुःख सांगतां येत नाहीं, दाखवावें लागतें. मधून मधून पडद्यावर येणाऱ्या अक्षरांच्या ओळी काय त्या मदतीस.

आतां त्या विखुरलेल्या विद्यांचा उपयोग दिसून आला. रविवर्म्याच्या चित्रांपासून दृश्याची मांडणी आली, छायाचित्रणापासून प्रकाशाचें ज्ञान आलें, आणि जादूपासून चमत्कार आले. कॅमेरा थांबवून पात्रास बाजूस केलें व पुन्हां सुरू केला, कीं पडद्यावर तें पात्र अदृश्य होतें. पुराणिक जें शब्दांनीं सांगत असे, तें लोकांनीं डोळ्यांनीं पाहिलें. स्त्रिया काम करावयास मिळेनात, म्हणून उपाहारगृहांतील साळुंके नांवाचा एक आचारी तारामती झाला. रोहिताचें काम फाळके यांच्या मुलानेंच केलें. सुमारें ३,७०० फूट लांबीचा हा चित्रपट ३ मे १९१३ रोजीं मुंबईच्या कोरोनेशन चित्रपटगृहांत लागला आणि लोकांनीं तो डोक्यावर घेतला.

पुढें नाशिक येथें त्यांनीं पुष्कळ चित्रपट काढले. १९१७ च्या लंकादहनांत साळुंके यांनींच राम व सीता ह्या दोन्ही भूमिका केल्या. १९१९ च्या कालियामर्दनांत बाळकृष्ण झाली ती फाळके यांची कन्या मंदाकिनी. पडद्यावर राम येतांच प्रेक्षक पायांतील जोडे काढीत, असें सांगतात. देवळांत जी वृत्ति असे, ती कथेबरोबर चित्रपटगृहांतही आली होती.

परंतु घर पुन्हां बदललें. १४ मार्च १९३१ रोजीं आलम आरा हा बोलपट आला. पुढच्याच वर्षीं प्रभात कंपनीनें हरिश्चंद्राचीच कथा अयोध्येचा राजा ह्या नांवानें मराठींत बोलती केली. एकोणीस वर्षांपूर्वीं जेथें आचाऱ्यास लुगडें नेसवावें लागलें होतें, तेथें आतां दुर्गाबाई खोटे तारामती झाल्या. फाळके यांचा सेतुबंधन मूक म्हणून तयार झाला, मग त्यास आवाज जोडावा लागला. गंगावतरण हा त्यांचा बोलपट १९३७ सालीं कोल्हापुरास निघाला, आणि तोच शेवटचा ठरला. ज्यांनीं चाळिसाव्या वर्षीं डोळे पणास लावून नवी रीत शिकून घेतली, त्यांस साठीनंतर दुसरी रीत वश झाली नाहीं. अडचणींत दिवस काढीत १६ फेब्रुवारी १९४४ रोजीं ते नाशिक येथें वारले. त्यांचे बहुतेक चित्रपटही नाहींसे झाले. हरिश्चंद्राचे कांहीं भाग जतन झाले आहेत.

ह्यास कोणी पराजय म्हणेल. आम्ही म्हणत नाहीं. गोष्ट माणसाहून दीर्घायु असते. ती एकाच्या खांद्यावरून दुसऱ्याच्या खांद्यावर जाते, आणि पहिल्याचे खांदे दुखले म्हणून त्याचें वाहणें व्यर्थ होत नाहीं. १९६९ पासून भारत सरकार चित्रपटकलेंतील मोठा पुरस्कार त्यांच्या नांवानें देत आहे. २००९ सालीं हरिश्चंद्राची फॅक्टरी ह्या मराठी चित्रपटांत तर फाळके स्वतःच पडद्यावर आले. गोष्ट सांगणारा गोष्ट झाला.

विद्यार्थिमित्रहो, सुटींत एवढें करून पाहा. आजीनें सांगितलेली एक गोष्ट प्रथम लिहून काढा, नंतर तीच चित्रांत उतरवा, आणि शेवटीं भावंडांस घेऊन एकही शब्द न बोलतां करून दाखवा. प्रत्येक वेळीं काय हातचें सुटलें आणि काय नवें गवसलें, तें टिपून ठेवा. आणि आपल्या आईस विचारा, कीं तिच्या आईनें ती गोष्ट कशी सांगितली होती.