नट आणि पटकथाकार माडगूळकर

ग. दि. माडगूळकर यांचे स्थान वाङ्मयेतिहासात मुख्यतः ‘गीतरामायणा’चे कवी म्हणून निश्चित झाले आहे. १९५५-५६ मध्ये पुणे आकाशवाणीवरून प्रसारित झालेल्या या ५६ गीतांच्या लोकमान्यतेमुळे त्यांच्या कर्तृत्वाची दुसरी बाजू, म्हणजे नट व पटकथाकार ही, काहीशी झाकोळली गेली.

माडगूळकरांचा जन्म १ ऑक्टोबर १९१९ रोजी शेटफळे येथे, आजोळी झाला. त्यांचे गाव माडगुळे हे औंध संस्थानातील. घरचे दारिद्र्य आणि मॅट्रिकमधील अपयश यांमुळे त्यांनी कोल्हापूरच्या चित्रपटसृष्टीची वाट धरली. मास्टर विनायक यांच्या ‘ब्रह्मचारी’ (१९३८) या चित्रपटातील लहानशा भूमिकेपासून त्यांचा प्रवास सुरू झाला. पुढे वि. स. खांडेकरांचे लेखनिक म्हणून त्यांनी काम केले. लेखणीपूर्वी त्यांच्या वाट्याला कॅमेऱ्यासमोरचा अनुभव आला, ही गोष्ट त्यांच्या पटकथांच्या संदर्भात महत्त्वाची ठरते. संवाद उच्चारणाऱ्याच्या मुखातून तो ऐकण्याची सवय त्यांना नटाच्या कामातून लागली असावी.

‘लोकशाहीर रामजोशी’ (१९४७) या चित्रपटात पटकथा, गीते आणि अभिनय या तिन्ही अंगांनी ते वावरले. राजा परांजपे यांच्यासाठी लिहिलेल्या ‘पुढचं पाऊल’ (१९५०) व ‘लाखाची गोष्ट’ (१९५२) यांतून ग्रामीण आणि मध्यमवर्गीय अशी दोन्ही जीवने त्यांनी सारख्याच सहजतेने हाताळली.

त्यांच्या पटकथालेखनाची खरी कसोटी मात्र व्ही. शांताराम यांच्या ‘दो आँखें बारह हाथ’ (१९५७) या हिंदी चित्रपटात दिसते. यातील गीते भरत व्यास यांची. त्यामुळे येथे माडगूळकर उभे आहेत ते केवळ कथा-पटकथाकार म्हणून. या कथेचे मूळ त्यांच्याच परिसरात आहे. औंधच्या राजांनी प्रजेच्या हाती कारभार सोपविणारी घटना १९३९ मध्ये लागू केली. तिच्या सिद्धतेसाठी वर्धा जिल्ह्यातील सेवाग्राम येथे महात्मा गांधींचे मार्गदर्शन घेण्यात आले होते. त्याच प्रेरणेतून, मॉरिस फ्रीडमन यांच्या पुढाकाराने, आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही कैद्यांची खुली वसाहत उभी राहिली. भिंतींवाचून राहणाऱ्या आणि शेती करणाऱ्या कैद्यांचा हा प्रयोग माडगूळकरांनी सहा कैदी व एक जेलर यांच्या कथेत साकार केला. सेवाग्रामचा विचार माणदेशच्या माळरानावर रुजला आणि या पटकथेच्या द्वारे १९५८ च्या बर्लिन महोत्सवात गौरविला गेला.

१९६९ च्या वर्धा साहित्य संमेलनानंतरचे संमेलन १९७३ मध्ये शेजारच्या यवतमाळला भरले. त्याचे अध्यक्षपद माडगूळकरांकडे होते. १४ डिसेंबर १९७७ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. कवितेच्या अभ्यासात पटकथा केवळ पूरक माहिती म्हणून नोंदविली जाते. ‘दो आँखें बारह हाथ’ मात्र दाखविते की, गीताचा आधार नसतानाही माडगूळकरांची प्रतिभा पूर्ण सामर्थ्याने प्रकट होऊ शकत होती. त्यांच्या समग्र वाङ्मयाचे मूल्यमापन करताना पटकथेला स्वतंत्र वाङ्मयकृती म्हणून स्थान देणे म्हणूनच अगत्याचे ठरते.