रिचर्ड ॲलन

रिचर्ड जेम्स ॲलन (जन्म : ४ जून १९०२, नागपूर, मृत्यू : १९६९) हे ब्रिटिश भारताच्या हॉकी संघाचे गोलरक्षक होते. ॲम्स्टरडॅम (१९२८), लॉस एंजेलस (१९३२) आणि बर्लिन (१९३६) अशा लागोपाठ तीन ऑलिंपिक स्पर्धांत सुवर्णपदक जिंकणाऱ्या भारतीय संघांचे ते सदस्य होते. या तिन्ही संघांत स्थान मिळवणारे खेळाडू दोनच होते. एक ध्यानचंद आणि दुसरे ॲलन. ऑलिंपिकमध्ये ॲलन यांनी १० सामन्यांत गोलरक्षण केले आणि त्या सर्व सामन्यांत मिळून प्रतिस्पर्ध्यांना त्यांच्याविरुद्ध केवळ २ गोल करता आले. त्यांतील एका गोलाविषयी सांगितली जाणारी स्वाक्षऱ्यांची कथा मात्र त्यांच्या कामगिरीपेक्षा अधिक प्रसिद्ध झाली.

जन्म आणि शिक्षण

ॲलन यांचा जन्म नागपूर येथे अँग्लो-इंडियन समाजात झाला. त्या वेळी नागपूर हे मध्य प्रांताच्या राजधानीचे शहर होते. मुंबईहून येणारी ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वे आणि पूर्वेकडे जाणारी बंगाल-नागपूर रेल्वे यांचा संगम येथे होत असे, तर जवळच्या कामठी येथे लष्कराची छावणी होती. रेल्वे, छावण्या आणि मिशनरी शाळा या तीन ठिकाणी त्या काळी हॉकी रुजली होती, आणि या तिन्ही ठिकाणी अँग्लो-इंडियन समाजाचा वावर मोठा होता.

ॲलन यांचे शिक्षण मसुरीजवळील ओक ग्रोव्ह शाळेत आणि नैनिताल येथील सेंट जोसेफ कॉलेजात झाले. ओक ग्रोव्ह ही शाळा ईस्ट इंडियन रेल्वेने १८८८ साली सुरू केली होती. अशा निवासी शाळांत मैदानी खेळांना अभ्यासाइतकेच महत्त्व असे. भारताच्या सुरुवातीच्या ऑलिंपिक संघांतील अनेक खेळाडू याच शिक्षणपद्धतीतून घडले.

पुढे ॲलन बंगालकडून खेळू लागले. कलकत्ता हे तेव्हा देशातील हॉकीचे प्रमुख केंद्र होते. तेथील बेटन चषक स्पर्धा १८९५ पासून आणि मुंबईची आगाखान चषक स्पर्धा १८९६ पासून खेळली जात होती.

गोलरक्षकाचे तत्कालीन काम

ॲलन यांच्या काळात हॉकी गवताच्या मैदानावर, ३५ मिनिटांच्या दोन डावांत खेळली जाई. गोलची चौकट १२ फूट रुंद आणि ७ फूट उंच होती. चेंडू क्रिकेटच्या चेंडूइतकाच कठीण व सुमारे १६० ग्रॅम वजनाचा असे. पायांवर पॅड असले तरी चेहऱ्याला जाळी किंवा डोक्याला शिरस्त्राण नसे. मैदान खडबडीत असल्यास चेंडू अनपेक्षितपणे उसळे आणि तो पायाने थोपवून लगेच बाजूला मारावा लागे.

भारतीय संघाच्या गोलरक्षकापुढे आणखी एक निराळी अडचण होती. भारताचे आघाडीपटू इतके प्रभावी होते की चेंडू बराच काळ प्रतिस्पर्ध्यांच्या वर्तुळातच राहत असे. गोलरक्षकाला दीर्घकाळ निष्क्रिय उभे राहावे लागे आणि मग एखाद्या अनपेक्षित चढाईच्या वेळी क्षणात सावध व्हावे लागे. ॲलन यांच्या कामगिरीचे मोजमाप करताना ही परिस्थिती ध्यानात घ्यावी लागते. त्यांच्यापर्यंत चेंडू कमी वेळा पोहोचला हे खरे असले, तरी पोहोचलेला चेंडू क्वचितच त्यांना चकवू शकला.

१९२८ : ॲम्स्टरडॅम

भारतीय हॉकी महासंघाची स्थापना १९२५ साली ग्वाल्हेर येथे झाली. ऑलिंपिकसाठी संघ निवडण्याच्या हेतूने १९२८ च्या आरंभी कलकत्ता येथे आंतरप्रांतीय स्पर्धा घेण्यात आली. तीत संयुक्त प्रांत, पंजाब, बंगाल, राजपुताना आणि मध्य प्रांत असे पाच संघ उतरले होते. ॲलन यांची निवड बंगालकडून झाली. त्यांच्या जन्मप्रांताचे, म्हणजे मध्य प्रांताचे, मायकेल रोक आणि रेक्स नॉरिस हे खेळाडूही संघात आले. जयपालसिंग यांच्याकडे कर्णधारपद देण्यात आले. संघात अँग्लो-इंडियन खेळाडूंचे बहुमत होते.

प्रस्थानापूर्वी मुंबईत झालेल्या सामन्यात मुंबईच्या संघाने या ऑलिंपिक संघाला ३-२ असे हरवले. १० मार्च १९२८ रोजी ‘कैसर-इ-हिंद’ या जहाजाने संघ मुंबईहून निघाला, तेव्हा निरोप द्यायला बंदरावर केवळ तिघे जण उपस्थित होते. या संघाकडून कोणाची फारशी अपेक्षा नव्हती.

ॲम्स्टरडॅममधील भारताचे निकाल पुढीलप्रमाणे होते :

१७ मे : ऑस्ट्रियाविरुद्ध ६-०
१८ मे : बेल्जियमविरुद्ध ९-०
२० मे : डेन्मार्कविरुद्ध ५-०
२२ मे : स्वित्झर्लंडविरुद्ध ६-०
२६ मे (अंतिम सामना) : नेदरलँड्सविरुद्ध ३-०

पाचही सामन्यांत ॲलन गोलरक्षक होते. भारताने २९ गोल केले आणि भारतावर एकही गोल झाला नाही. अंतिम सामना यजमान नेदरलँड्सविरुद्ध त्यांच्याच प्रेक्षकांसमोर होता. जयपालसिंग तोवर संघासोबत नव्हते आणि ब्रूम पिनिगर यांनी नेतृत्व केले. फिरोज खान यांच्यासह काही प्रमुख खेळाडू दुखापत किंवा आजारपणामुळे बाहेर होते, तर ध्यानचंद अंगात ताप असताना खेळले. आघाडीची फळी अशी दुबळी झालेली असताना बचावफळीवरील भार साहजिकच वाढला होता. त्या दिवशीही गोलची चौकट अभेद्य राहिली. ॲलन तेव्हा वयाची २६ वर्षे पूर्ण करण्यास नऊ दिवस बाकी होते.

भारताचे हे पहिलेच ऑलिंपिक हॉकी सुवर्णपदक होते. ज्या मुंबई बंदरातून संघ जवळजवळ एकाकी निघाला होता, तेथेच परतल्यावर त्याच्या स्वागताला मोठी गर्दी लोटली.

१९३२ : लॉस एंजेलस

जागतिक मंदीमुळे १९३२ च्या ऑलिंपिकला फार थोडे देश संघ पाठवू शकले. हॉकीत भारत, जपान आणि अमेरिका असे तीनच संघ होते. भारतीय संघालाही निधीची चणचण होती. खर्च भागवण्यासाठी संघाने जाताना आणि परतताना ठिकठिकाणी प्रदर्शनी सामने खेळले. त्या संपूर्ण दौऱ्यात संघाने ३७ सामन्यांत ३३८ गोल केले. त्यांपैकी १३३ एकट्या ध्यानचंद यांचे होते. कर्णधार लालशाह बुखारी होते.

या संघात ॲलन यांच्यासह आर्थर हिंड हे दुसरे गोलरक्षक होते. ४ ऑगस्ट रोजी जपानविरुद्ध भारताने ११-१ असा विजय मिळवला. त्या सामन्यात हिंड खेळले. ११ ऑगस्ट रोजी अमेरिकेविरुद्धच्या सामन्यात ॲलन यांना संधी मिळाली आणि भारताने तो सामना २४-१ असा जिंकला. रूपसिंग यांनी १० आणि ध्यानचंद यांनी ८ गोल केले. ७० मिनिटांच्या खेळात सरासरी तीन मिनिटांहून कमी वेळात एक गोल होत होता.

स्वाक्षऱ्यांची कथा

अमेरिकेचा एकमेव गोल विल्यम बॉडिंग्टन यांनी केला. ऑलिंपिकमध्ये ॲलन यांच्याविरुद्ध झालेला हा पहिला गोल होता. चेंडू गोलात गेला त्या वेळी ॲलन आपली जागा सोडून प्रेक्षकांना स्वाक्षऱ्या देत होते, अशी कथा पुढे रूढ झाली. क्रीडाविषयक लेखनात ती वारंवार सांगितली जाते, आणि अनेक ठिकाणी ॲलन यांच्याविषयी एवढीच एक गोष्ट नमूद केलेली आढळते.

सामन्याचे एकतर्फी स्वरूप पाहता ही कथा लोकांना पटणे स्वाभाविक होते. भारताचे आघाडीपटू दुसऱ्या टोकाला सतत गोल करत असताना गोलरक्षकाला काहीच काम उरले नव्हते, हे चित्र तिच्यातून चटकन उभे राहते. मात्र तिचा परिणाम असा झाला की भारतीय संघाचे वर्चस्व दाखवणारी ही गंमत एका गोलरक्षकाच्या बेफिकिरीची खूण बनून राहिली. ॲम्स्टरडॅमच्या पाच सामन्यांतील अभेद्य गोलरक्षण तिच्या आड गेले. त्या गोलानंतर चार वर्षांनी, वयाच्या ३४ व्या वर्षी, ॲलन यांची पुन्हा ऑलिंपिक संघात निवड झाली, ही वस्तुस्थितीही या कथेसोबत क्वचितच सांगितली जाते.

१९३६ : बर्लिन

बर्लिन ऑलिंपिकसाठी भारताचे नेतृत्व ध्यानचंद यांच्याकडे होते. ॲम्स्टरडॅमच्या विजेत्या संघातील ध्यानचंद आणि ॲलन हे दोघेच या संघात उरले होते. स्पर्धेआधी १७ जुलै रोजी झालेल्या सराव सामन्यात जर्मनीने भारताला ४-१ असे पराभूत केले. या पराभवाने संघव्यवस्थापन हादरले आणि मायदेशातून अली इक्तिदार शाह दारा यांना विमानाने पाचारण करण्यात आले.

प्रत्यक्ष स्पर्धेत भारताने हंगेरी (४-०), अमेरिका (७-०), जपान (९-०) आणि उपांत्य फेरीत फ्रान्स (१०-०) यांना नमवले. भारताच्या पाच सामन्यांपैकी चार सामन्यांत ॲलन यांनी गोलरक्षण केले. अंतिम सामना १४ ऑगस्टला व्हायचा होता. परंतु पावसामुळे तो १५ ऑगस्टला खेळवण्यात आला. समोर पुन्हा जर्मनीच होती.

सामन्यापूर्वी साहाय्यक व्यवस्थापक पंकज गुप्ता यांनी खोलीत काँग्रेसचा तिरंगा आणला आणि संघाने त्याला वंदन केले. अधिकृत ध्वज ब्रिटिश साम्राज्याचा होता आणि संघात हिंदू, मुस्लिम व अँग्लो-इंडियन असे सर्व खेळाडू होते. त्यामुळे या प्रसंगाला भारतीय क्रीडा इतिहासात विशेष स्थान आहे. प्रेक्षकांत बडोद्याचे महाराज सयाजीराव गायकवाड हेही उपस्थित होते.

अंतिम सामन्यात ॲलन यांच्यापुढे कार्लाइल टॅपसेल आणि मोहम्मद हुसेन हे बचावपटू होते. मधल्या फळीत पुण्याचे बाबू निमल, अर्नेस्ट गुडसर-कलन आणि जोसेफ गॅलिबार्डी खेळत होते. ओल्या मैदानावर पूर्वार्ध चुरशीचा झाला आणि मध्यंतराला भारत केवळ १-० असा पुढे होता. तोवर एका चुकीनेही सामना बरोबरीत आला असता. आधीच्या पराभवाची आठवण ताजी असताना बचावफळी आणि गोलरक्षक यांनी जर्मनीला पूर्वार्धात गोल करू दिला नाही. उत्तरार्धात भारताने गोलांचा सपाटा लावला आणि सामना ८-१ असा जिंकला. जर्मनीचा गोल कुर्ट वाइस यांनी केला. संपूर्ण स्पर्धेत भारताने ३८ गोल केले. भारतावर झालेला हा एकमेव गोल होता.

नंतरचा काळ

दुसऱ्या महायुद्धामुळे १९४० आणि १९४४ च्या ऑलिंपिक स्पर्धा झाल्याच नाहीत. भारत १९४८ साली लंडनमध्ये पुन्हा ऑलिंपिक हॉकी खेळला, तेव्हा तो स्वतंत्र देश होता आणि संघात नवी पिढी आली होती. स्वातंत्र्याच्या सुमारास अँग्लो-इंडियन समाजातील अनेक कुटुंबे ब्रिटन, ऑस्ट्रेलिया व कॅनडा या देशांत स्थायिक झाली. या स्थलांतराबरोबर युद्धपूर्व संघांतील अनेक खेळाडूंच्या आठवणीही देशाच्या क्रीडाविश्वातून हळूहळू मागे पडल्या. ॲलन यांचे १९६९ साली निधन झाले.

महत्त्व

ॲलन यांची ऑलिंपिकमधील कामगिरी संक्षेपाने अशी आहे : १९२८ मध्ये ५ सामने व शून्य गोल, १९३२ मध्ये १ सामना व १ गोल, १९३६ मध्ये ४ सामने व १ गोल. १० सामने, २ गोल आणि ३ सुवर्णपदके असा हा हिशेब आहे. हे १० ही सामने भारताने जिंकले.

ऑलिंपिक हॉकीत तीन सुवर्णपदके मिळवणारे ध्यानचंद आणि ॲलन हे पहिले दोन भारतीय होत. त्यानंतर १९४८ ते १९६४ या काळात लेस्ली क्लॉडियस, बलबीरसिंग (ज्येष्ठ), रणधीरसिंग जंटल, रंगनाथन फ्रान्सिस आणि उधमसिंग यांनी तेवढी सुवर्णपदके मिळवली. त्यांतील फ्रान्सिस हेही गोलरक्षकच होते.

ध्यानचंद यांचा जन्मदिवस, २९ ऑगस्ट, भारतात राष्ट्रीय क्रीडा दिन म्हणून पाळला जातो. त्या सुवर्णकाळाचा इतिहास बहुधा केलेल्या गोलांच्या आकड्यांतून सांगितला जातो. नागपुरात जन्मलेल्या ॲलन यांची कारकीर्द त्याच इतिहासाची दुसरी बाजू दाखवते. ती न झालेल्या गोलांची आहे.